बॉडी पॉझिटिव्हिटी आणि सोशल मीडिया

शरीर जाड असो, बारीक असो, अपंग असो, डागांचं असो नाहीतर म्हातारं, त्यावरून माणसाची किंमत ठरवायची नाही असं म्हणणारी चळवळ म्हणजे बॉडी पॉझिटिव्हिटी. बऱ्याच जणांना हे इन्स्टाग्रामचं खूळ वाटतं, पण इन्स्टा आलं २०१० ला आणि १९६७ मध्येच न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये सुमारे ५०० लोकांनी जमून डाएटची पुस्तकं आणि ट्विगी या सडपातळ मॉडेलचा फोटो जाळला होता. १९६९ मध्ये अमेरिकेतल्या बिल फॅब्रींनी जाड लोकांच्या हक्कांसाठी 'नाफा' (NAAFA) ही संघटना काढली आणि १९७३ ला लॉस एंजेलिसच्या 'फॅट अंडरग्राउंड' गटातल्या बायकांनी जाहीरनामाच लिहिला, त्यात नोकरी, शिक्षण, दवाखाना कुठेच भेदभाव नको अशी मागणी होती आणि वजन उतरवून देतो म्हणणाऱ्या धंद्यांना थेट शत्रू म्हटलं होतं. आरशात बघून खूश व्हा वगैरे नव्हतं त्यात.

ते आलं सेल्फीबरोबर. २०१३ च्या आसपास मॉडेल टेस हॉलिडेच्या हॅशटॅगने प्लस साइज बायका बिनधास्त फोटो टाकायला लागल्या आणि फायदा झालाच, असं शरीर कुठेतरी दिसायला तरी लागलं. मग ब्रँड घुसले (घुसणारच), आणि पुढे यायला लागल्या त्या बहुतेक सुबक बांध्याच्या, गोऱ्या, थोड्याशाच भरलेल्या मुली.

प्लॅटफॉर्मही काही धुतल्या तांदळाचे नाहीत. लोक चिडवतील या नावाखाली जाड आणि अपंग लोकांच्या व्हिडिओंचा रीच आपण कमी केला होता हे टिकटॉकने २०१९ मध्ये मान्य केलं. २०२० मध्ये न्योम निकोलस-विल्यम्स या कृष्णवर्णीय प्लस साइज मॉडेलचे फोटो इन्स्टाने उडवले, मोहीम झाली, तेव्हा कुठे नियम बदलला.

बरं, पोस्ट बघून खरंच बरं वाटतं का? २०१९ च्या एका ऑस्ट्रेलियन प्रयोगात तरुण मुलींचा मूड तेवढ्यापुरता सुधारला, पण स्वतःच्या दिसण्याकडे लक्ष मात्र वाढलंच. म्हणून काही जण 'बॉडी न्यूट्रॅलिटी'कडे वळले, म्हणजे शरीरावर प्रेम करायची सक्ती नको, ते काम करतंय ना, बास. नॉर्वेने तर कायदाच केला, जुलै २०२२ पासून जाहिरातीत शरीर एडिट केलं असेल तर तसं लेबल लावावं लागतं, इन्फ्लुएन्सरच्या पेड पोस्टलाही. एवढं होऊनही बारीक होण्याचं वेड परत आलंच, जून २०२५ मध्ये टिकटॉकला स्किनीटॉक हा हॅशटॅग सर्चमधून बंद करावा लागला.