चीनमध्ये पेन्शन मिळते, म्हणजे नेमकी कोणती मिळते?

२०२४ साली चीन सरकारने दोन पेन्शनवाढी जाहीर केल्या. एक ३ टक्क्यांची, दुसरी महिन्याला २० युआनची. टक्क्यांचा हिशेब लावला तर दुसरी वाढ दणदणीत होती: १०३ युआनवरून १२३, म्हणजे १९ टक्क्यांच्याही वर. पण पहिली ३ टक्के वाढ ज्या रकमेवर लागली ती सरासरीने साडेतीन हजार युआनहून जास्त होती. म्हणजे एका निवृत्ताच्या हातात महिन्याला शंभराहून अधिक युआन वाढून आले आणि दुसऱ्याच्या हातात वीस. टक्क्यांत दरी कमी झाली, पैशांत वाढली.

लोक दोन्हींना पेन्शनच म्हणतात. दोन्ही सामाजिक सुरक्षा कार्डाला जोडलेल्या खात्यातच जमा होतात. आणि २०२३ अखेरचा '१०६ कोटींहून अधिक लोक पेन्शन योजनेत' हा अभिमानाने सांगितला जाणारा सरकारी आकडा दोन्हींची बेरीज करूनच तयार होतो. त्यामुळे आपल्याकडे बातमी वाचणाऱ्याला वाटतं, चीनने म्हाताऱ्यांचा प्रश्न सोडवला. सोडवलाय, पण निम्म्यांचा.

पहिली पेन्शन नोकरदारांची. आजच्या रूपात ती १९९७ पासूनची. मालक पगाराच्या १६ टक्के भरतो (२०१९ पर्यंत बहुतेक ठिकाणी २० होते), कामगार ८ टक्के. मालकाचे पैसे सामाईक निधीत जातात, कामगाराचे त्याच्या वैयक्तिक खात्यात. किमान १५ वर्षं हप्ते भरले की पेन्शनचा हक्क. रकमेचा मोठा भाग स्थानिक सरासरी पगाराला बांधलेला असतो: ढोबळ मानाने, भरलेल्या प्रत्येक वर्षाला त्या पगाराचा एक टक्का. तीस वर्षं भरली आणि आपला पगार सरासरीइतकाच असला, तर नुसत्या या भागातून सरासरी पगाराच्या ३० टक्के. खात्यातले पैसे वेगळे. शहरातले पगार चढले की नव्या निवृत्तांची पेन्शनही चढते.

दुसरी 'शहरी आणि ग्रामीण रहिवाशांची' पेन्शन. २००९ मध्ये खेड्यांसाठी तिचा प्रयोग सुरू झाला, २०११ मध्ये शहरातल्या बिननोकरीच्या लोकांसाठी तशीच योजना आली, २०१४ मध्ये दोन्ही एक केल्या. इथे मालक नाही. आपण वर्षाला ठरावीक हप्त्यांपैकी एक निवडायचा आणि भरायचा. २०१४ च्या नियमांत हे हप्ते १०० पासून २,००० युआनपर्यंत होते. वर सरकारची मूळ रक्कम: २००९ मध्ये महिन्याला ५५ युआन, २०२५ मध्ये १४३. हा देशपातळीवरचा किमान आकडा; एक युआन साधारण १२ रुपयांना धरला तर सतराशे रुपये.

हिशेब करूनच बघू. कुणी वर्षाला २०० युआनचा हप्ता पंधरा वर्षं भरला: ३,००० युआन. स्थानिक सरकार वर्षाला किमान ३० युआन टाकतं, ते ४५०. व्याज सोडून द्या. साठाव्या वर्षी खात्यातली रक्कम नियमाने ठरलेल्या १३९ या आकड्याने भागायची, ती झाली महिन्याची पेन्शन. ३,४५० भागिले १३९ म्हणजे जेमतेम २५ युआन. त्यात १४३ मिळवा: १६८. पंधरा वर्षं न चुकता हप्ते भरणाऱ्याच्या पदरी दरमहा २५ युआन जास्त. मग खेड्यातली माणसं स्वस्तातला हप्ता निवडतात याचं नवल कसलं?

२०२३ मध्ये या दुसऱ्या पेन्शनची सरासरी साधारण २२० युआन होती. ग्रामीण भागात निर्वाहभत्त्यासाठी जी किमान उत्पन्नाची रेषा धरतात, ती तेव्हा महिन्याला सहाशे युआनच्या आसपास होती. म्हणजे सरकार स्वतः ज्याला गरिबीची रेषा मानतं तिच्या निम्म्यालाही ही पेन्शन पोहोचत नाही. आणि ती घेणारे सतरा कोटींहून जास्त.

इथे एक गल्लत हमखास होते: पहिली शहराची, दुसरी खेड्याची, असं समजायचं. कायद्यात तसं नाही. हुकोऊ, म्हणजे कुटुंबाची सरकारदरबारची रहिवासी नोंद, खेड्यातली असली तरी कारखान्याने रीतसर करार केला की माणूस पहिल्या पेन्शनीत जातो. उलट शहरात जन्मून रस्त्यावर हातगाडी लावणारा दुसरीत राहू शकतो. रेषा करारावरून जाते. फक्त ती ओढली अशी गेलीय की तिच्या खालच्या बाजूला बहुतेक खेडीच सापडतात. रीतसर मालक नसलेल्यालाही पहिल्या पेन्शनीत जाता येतं, पण मग २० टक्के सगळे स्वतःच्या खिशातून. घरोघरी जेवण पोहोचवणाऱ्यांची गोची हीच आहे. २०२५ मध्ये जेडी या ऑनलाइन विक्री कंपनीने आपल्या पूर्णवेळ डिलिव्हरीवाल्यांचे हप्ते भरायचं जाहीर केलं, आणि त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने 'सामाजिक विमा (ज्यात हे पेन्शनचे हप्तेही येतात) नको, त्याऐवजी रोख द्या' असे मालक-कामगारांमधले करार रद्दबातल ठरवले. म्हणजे असे करार सर्रास होत होते.

दोन पेन्शनींच्या मधला दरवाजा बघण्यासारखा आहे. समजा, सिचुआनमधल्या गावचा एक माणूस ग्वांगडोंगच्या कारखान्यात अकरा वर्षं राबला, हप्ते भरले, मग गावी परतला. साठीला पंधरा वर्षं भरलेली नाहीत. उरलेली वर्षं खिशातून भरायची ऐपत नसेल तर २०१४ च्या नियमांप्रमाणे तो दुसऱ्या पेन्शनीत जाऊ शकतो, पण सोबत जातं ते फक्त त्याचं ८ टक्क्यांचं खातं. मालकाने त्याच्या नावाने अकरा वर्षं भरलेलं सगळं सामाईक निधीतच राहतं, आणि ते ज्यांच्या पेन्शनीला लागतं ते ग्वांगडोंगचे निवृत्त असतात. उलट दिशेने, दुसरीतून पहिलीत जायचं असेल तर पैसे जमा होतात, भरलेली वर्षं मात्र धरली जात नाहीत.

२०१० पूर्वी तर प्रकार आणखी सरळ होता. कामगार वसंतोत्सवाला, म्हणजे चिनी नववर्षाला, गावी निघायच्या आधी विमा कार्यालयासमोर रांगा लावून आपलं खातं मोडायचे. हातात आपलेच पैसे, मालकाचे मागे. २०१० मध्ये हे थांबवून खातं एका प्रांतातून दुसऱ्यात न्यायची सोय झाली, तरी मालकाच्या हिश्शापैकी पगाराच्या १२ टक्क्यांएवढेच पैसे सोबत नेता येतात. यातून कामगार काहीच शिकले नाहीत असं नाही. एप्रिल २०१४ मध्ये डोंगग्वानमधल्या यू युएन या बुटांच्या कारखान्यात हजारो कामगार संपावर गेले, आणि मुख्य तक्रार पगाराची नव्हती: कंपनीने वर्षानुवर्षं खऱ्या पगारावर नाही, कमी दाखवलेल्या रकमेवर हप्ते भरले होते. ज्यांचं वय निवृत्तीजवळ आलं होतं त्यांना कागद बघितल्यावर ते कळलं.

यावर नेहमीचं उत्तर असं: पहिल्या पेन्शनीतल्यांनी जास्त भरलं, म्हणून जास्त मिळतं. ऐकायला बिनतोड वाटतं. मला ते पटत नाही, आणि कारण इतिहासात आहे.

सरकारी कारखान्यांतल्या जुन्या कामगारांनी १९९० च्या दशकापर्यंत पेन्शनचा एकही हप्ता भरलेला नव्हता. १९५१ च्या कामगार विमा नियमांनुसार त्यांची पेन्शन कारखानाच देत असे. सुधारणा आल्या, कारखाने डबघाईला आले, पेन्शनचा भार निधीवर आला. तेव्हा ठरलं की त्या जुन्या नोकरीची वर्षं 'भरल्यासारखीच' धरायची. न्याय्यच होतं ते. त्यांना पगार कमी दिला जाई, फरक उद्योग उभारण्यात जाई, मग म्हातारपणी परतफेड व्हायलाच हवी.

आता शेतकऱ्याकडे बघा. १९५३ पासून तीसेक वर्षं सरकार ठरवेल त्या पडत्या भावाने त्याने धान्य घातलं. शिवाय शेतीकर, तोही पुष्कळदा धान्यातच, ज्याला लोक 'सरकारी धान्य' म्हणत. हा कर बंद झाला १ जानेवारी २००६ ला. १९५८ च्या हुकोऊ नियमांमुळे त्याला शहरात जाऊन कामगार व्हायची मुभाही नव्हती. कमी भावाचं हे धान्य शहरातल्या स्वस्त शिध्यात आणि कारखान्यांच्या भांडवलात गेलं. तर्क तोच, फक्त त्याची वर्षं कुणी 'भरल्यासारखी' धरली नाहीत. २००९ मध्ये जो साठीच्या पुढे होता त्याला हप्ता न भरता ५५ युआन मिळाले, तेही मुलांनी योजनेत नाव घालावं या अटीवर. चीनमध्ये आज जे लोक शेतकऱ्यांची पेन्शन वाढवा म्हणतात, त्यांचा मुद्दा नेमका हाच असतो: ही भीक नाही, थकलेलं देणं आहे.

पहिल्या पेन्शनीच्या आतही पायऱ्या आहेत. सरकारी नोकर २०१५ पर्यंत स्वतः काहीच भरत नव्हते. मग त्यांना त्याच चौकटीत आणलं, पण सोबत सक्तीची पूरक पेन्शनही दिली, जी खासगी नोकरीतल्या थोड्यांनाच मिळते. दुसरीच्या आत प्रांतांचा फरक: शांघायसारखं श्रीमंत शहर मूळ रक्कम हजार युआनच्या वर नेतं, गरीब प्रांत किमान आकड्याच्या आसपास घुटमळतात. निवृत्तीचं वय २०२५ पासून हळूहळू वाढतंय, त्यावर केवढा गदारोळ झाला. रहिवासी पेन्शनवाल्यांना त्याचं सोयरसुतक नाही. त्यांचं वय साठच आहे, आणि निवृत्ती नावाची गोष्टच नाही. १६८ युआनवर शेत सुटत नाही.

पैसा कुठून आणायचा हा प्रश्न खराच आहे. सतरा कोटी लोकांना महिन्याला १०० युआन वाढवायचे तर वर्षाला २०,४०० कोटी युआन लागतात. पण पहिली पेन्शनही नुसत्या हप्त्यांवर चालत नाही, तिच्यातही दरवर्षी सरकारी तिजोरीतून पैसा ओतावा लागतो. त्यामुळे 'भरलं म्हणून मिळतं' हे वाक्य पहिलीबद्दलही पुरतं खरं नाही. २०२५ मध्ये रहिवाशांना पुन्हा २० युआन वाढले, नोकरदारांना २ टक्के. २०३० पासून पहिल्या पेन्शनीसाठी हप्त्यांची किमान वर्षं दरवर्षी सहा महिन्यांनी वाढत २०३९ मध्ये वीसवर जाणार आहेत. कारखान्यात तुटक तुटक काम करून अकरा, तेरा किंवा सोळा वर्षं भरलेल्यांपैकी बरेच जण तेव्हा रेषेच्या खालच्या बाजूला येतील, आणि मालकाने त्यांच्या नावाने भरलेलं वरच राहील.