दोन चंद्रांची भेट आणि जोडपौर्णिमा: कल्पित पंचांगातली एक गल्लत

आपल्या कथेतल्या जगाला दोन चंद्र द्यायचे ठरले की पहिला सण ठरलेलाच असतो: ज्या रात्री दोन्ही चंद्र पूर्ण दिसतील ती रात्र. मग वहीत दोन आकडे मांडायचे, शाळेतला लसावि काढायचा आणि पंचांग झालं म्हणायचं. गल्लत होते ती इथेच. दोन चंद्र आकाशात एकमेकांना गाठतात ही एक घटना, आणि दोघांची पौर्णिमा एकाच रात्री येते ही दुसरी. पहिलीला ‘भेट’ म्हणू, दुसरीला ‘जोडपौर्णिमा’.

उदाहरणासाठी एक ग्रह घेऊ, नाव ओवी. वर्ष ३६० दिवसांचं. जवळचा पांढरा चंद्र कापूर, त्याची पौर्णिमा दर २४ दिवसांनी. लांबचा तांबूस चंद्र गेरू, त्याची दर ४० दिवसांनी.

आता दोघांची चाल अंशांत मांडा. कापूर सूर्यापासून रोज १५ अंश पुढे जातो, गेरू ९ अंश. (आपला चंद्र रोज साधारण १२ अंश जातो, आणि तेवढ्या अंतरालाच आपण तिथी म्हणतो.) म्हणजे कापूर गेरूवर रोज ६ अंशांची आघाडी घेतो. पूर्ण फेरीची आघाडी झाली की तो पुन्हा गेरूपाशी येतो. ३६० भागिले ६, म्हणजे ६० दिवस. ही झाली भेट.

दोघं पूर्ण असताना मोजायला सुरुवात केली, तर साठाव्या दिवशी कापूरच्या अडीच फेऱ्या झालेल्या असतात आणि गेरूच्या दीड. दोघंही अमावास्येला! भेट होते खरी, पण ती वर्षातल्या सर्वांत काळ्या रात्रींपैकी एक असते. जोडपौर्णिमा येते १२०व्या दिवशी, म्हणजे एक भेट सोडून पुढच्या भेटीला.

दोन्हींतला खरा भेद सूर्याचा आहे. भेटीला सूर्य लागतच नाही. ताऱ्यांच्या संदर्भात मोजलं तर कापूर रोज १६ अंश जातो आणि गेरू १०, कारण ओवीच्या आकाशात सूर्य स्वतः रोज एक अंश सरकतो. फरक पुन्हा सहाच, भेट पुन्हा साठ दिवसांनीच. जोडपौर्णिमेत मात्र तिसरा भिडू येतो. दोन्ही चंद्र एकत्र असून भागत नाही, ते सूर्याच्या बरोबर समोर असावे लागतात. आपल्या पंचांगात तिथी आणि नक्षत्र ही दोन वेगळी अंगं आहेत ती याच कारणाने: तिथी चंद्र-सूर्यातल्या अंतरावरून, नक्षत्र ताऱ्यांमधल्या चंद्राच्या जागेवरून. आपल्या चंद्राला ताऱ्यांमधली फेरी २७.३२ दिवसांत होते, पण पौर्णिमा ते पौर्णिमा २९.५३ दिवस लागतात. ओवीवर ताऱ्यांमधल्या फेऱ्या २२.५ आणि ३६ दिवसांच्या येतात. चुकून त्यांचा लसावि काढला तर १८० मिळतो, आणि १८०व्या रात्री ओवीवर दोन्ही चंद्रांची अमावास्या असते. दिव्यांचा सण ठेवायचा असेल तर ही रात्र उत्तम; चांदण्याचा ठेवला तर कथाच कोसळते.

यातूनच एक गोष्ट निघते, जी चित्रकारांनी तर जरूर लक्षात ठेवावी. भेटीच्या वेळी दोन्ही चंद्रांची कला सारखीच असते, कारण दोघं सूर्यापासून सारख्याच अंतरावर असतात. पूर्णचंद्राला खेटून दुसऱ्या चंद्राची कोर काढलेली चित्रं दिसायला मोहक असतात, पण त्या आकाशात सूर्य नेमका कुठे आहे हे सांगता येणार नाही.

आता लसाविचा नाजूकपणा बघा. कापूरचा महिना २४ ऐवजी २४.१ दिवसांचा करा. भेट फक्त १५ तासांनी लांबते. लसावि मात्र १२० वरून थेट ९६४० दिवसांवर जातो, म्हणजे जवळजवळ २७ वर्षं. ओवीवरच्या माणसाला असं काही दिसणार आहे का? नाही. १२०व्या रात्री गेरू पूर्ण असेल आणि कापूरला अर्धाच दिवस कमी असेल. लोक सण साजरा करतीलच. पुढच्या खेपेला हे अंतर एक दिवसाचं होईल, त्यापुढे दीड दिवसाचं.

म्हणून जोडपौर्णिमेला नियम लागतो. सूर्योदयाला जी तिथी असेल ती त्या दिवसाची, असं आपलं पंचांग सांगतं, तसा काहीतरी. समजा ओवीच्या जोशांनी ठरवलं की दोन पौर्णिमांत दीड दिवसापर्यंतचं अंतर चालेल. मग हा सण साधारण दोन वर्षं दर १२० दिवसांनी येत राहील आणि पुढची साडेतीन वर्षं एकदाही येणार नाही. नंतर पुन्हा दोन वर्षं. त्या खंडाच्या सुरुवातीला जन्मलेलं मूल चालायला-बोलायला शिकेल, तरी जोडपौर्णिमा त्याने फक्त आजीकडून ऐकलेली असेल. मला तरी १२० दिवसांच्या गुळगुळीत चक्रापेक्षा हे कितीतरी जिवंत वाटतं.

माझं मत सरळ आहे: पंचांगाची तुळई भेटीची करावी आणि जोडपौर्णिमा सण म्हणून तिच्यावर टांगावी. ओवीवरच्या खलाशांचंही भेटीवाचून चालणार नाही. दोन्ही चंद्र एका रेषेत आले की त्यांची ओढ एकत्र होते, मग ते एकाच बाजूला असोत की समोरासमोर. त्यामुळे उधाणाचा जोर दर तीस दिवसांनी वाढेल. सूर्यही त्याच रेषेत असेल, जसा अमावास्येच्या भेटीला, तेव्हा तर नावा किनाऱ्यावरच ओढून ठेवाव्या लागतील.

कक्षा मात्र थोड्या तिरप्या ठेवा. आपल्या चंद्राची कक्षा सुमारे ५ अंशांनी कललेली आहे, म्हणून दर पौर्णिमेला ग्रहण लागत नाही.

तिसरा चंद्र देण्याचा मोह झाला तर आधी गुरूकडे पाहा. त्याच्या आयो, युरोपा आणि गॅनिमीड या चंद्रांच्या फेऱ्या सुमारे १.७७, ३.५५ आणि ७.१५ दिवसांच्या आहेत, आणि त्यांची चाल एकमेकांत अशी गुंतलेली आहे की युरोपा आणि गॅनिमीड एकत्र येतात तेव्हा आयो गुरूच्या बरोबर पलीकडे असतो. कोणत्याही दोघांची भेट होते, तिघांची कधीच नाही. असे तीन चंद्र असलेल्या जगात तिहेरी पौर्णिमेची भविष्यवाणी कोणी केली, तर ती कितीही वर्षं वाट पाहिली तरी खरी ठरणार नाही.