घटीबाव

घटीबाव : आडमाळ या कल्पित जगातील तीन मजली, पायऱ्यांची विहीर. तिच्यात जसजसे खाली उतरावे तसतसा काळ मंदावतो, म्हणून आडमाळातली सर्वांत घातक जागा म्हणून ती ओळखली जाते. तिथले लोक तिला नुसते ‘बाव’ म्हणतात आणि तिन्हीसांजेनंतर तेवढेही म्हणत नाहीत, ‘तिकडची’ म्हणतात. आडमाळाचा भूगोल कोल्हापूरच्या पश्चिमेकडच्या मुलखावरून रचलेला आहे : जांभ्याचे सडे, कारवीचे रान, पावसाळाभर न हटणारे धुके. उन्हाळ्यात या माळावर पाण्याचा टिपूस मिळत नाही, आणि बावीचे पाणी कधी आटत नाही. सगळ्या अनर्थाचे मूळ एवढेच आहे.

बावीचे गणित जुन्या कालमापनावर उभे आहे. ६० विपळांचे एक पळ, ६० पळांची एक घटी, ६० घटींचा एक दिवस. आजच्या हिशेबाने पळ २४ सेकंदांचे आणि घटी २४ मिनिटांची. बावीचा प्रत्येक मजला काळाला साठपट ताणतो. वरून पहिल्या मजल्यावर एक पळ थांबले तर काठावर घटी उलटते, दुसऱ्यावर दिवस उलटतो आणि पाण्यालगतच्या तिसऱ्या मजल्यावर ६० दिवस, म्हणजे एक अख्खा ऋतू. ऋतू सहा, तेव्हा तिथल्या सहा पळांत वर्ष सरते. कळशी बुडवून, भरून, डोक्यावर घ्यायला साधारण तेवढाच वेळ लागतो. कोणी घटीभर टेकला तर वर दहा वर्षे झालेली असतात. उतरणाऱ्याला यातले काहीच जाणवत नाही. त्याची तहान, त्याचा श्वास, पाण्याचा गारवा, सारे नेहमीसारखेच असते.

म्हणूनच बावीचा धोका काठावरून मोजावा लागतो. पाण्याशी कोणाचा पाय घसरला, तर आपल्या एका सेकंदाच्या त्या अडखळण्याला वर अडीच दिवस लागतात. काठावरचे लोक त्याला तोल जाताना पाहतात, घरी जातात, जेवतात, झोपतात, परत येतात. तो अजून पडतोच आहे. त्याची हाक वर येईतो इतकी लांबलेली असते की ती कानाला कळत नाही. वरून मारलेली हाक खाली पोचते तेव्हा ऐकणाऱ्याला कळण्याआधीच संपून गेलेली असते. दोर सोडून वर घ्यावे म्हटले, तर वरून साध्या वेगाने ओढलेला दोर तळाशी चाबकासारखा सुटतो आणि धरणाऱ्याचे हात जातात. म्हणून बावीवर पोहरा टाकायला बंदी आहे, आणि माणसासाठी दोर ओढायचा तर दिवसाला चार बोटे. त्यातही दोराचा वरचा भाग ऊन-पावसाने कुजत जातो, खालचा मात्र नवाकोरा राहतो. वर सतत नवा दोर जोडावा लागतो. एका माणसाला वर घेताना ओढणाऱ्यांचे महिनेच्या महिने जातात. बापाच्या हातातला दोर पोराच्या हाती येतो तेव्हा त्याला एकच गोष्ट शिकवली जाते : ‘‘हळू वड, लेका, खाली माणूस हाय.’’

काठावर बसणाऱ्या बाईला राखणदारीण म्हणतात. तिच्याकडे तांब्याचे घटिकापात्र असते. बुडाला बारीक भोक असलेली ही वाटी पाण्यावर सोडली की घटीभरात भरून बुडते. अशी पात्रे आपल्याकडे खरोखर वापरात होती, लग्नाचा मुहूर्त त्यांच्यावरच साधत, आणि मरणाची वेळ आली या अर्थाने आपण म्हणतो ती ‘घटका भरली’ हीही तिथलीच. या कल्पनेतला सर्वांत सुंदर भाग मला हाच वाटतो : बाव स्वतःच एक प्रचंड घटिकापात्र आहे, आणि तिच्यात भरत जाते ती माणसांची वये.

बावीची बांधणी पन्हाळ्याच्या अंधारबावीवरून सुचलेली आहे, हे ती पाहिलेल्याला लगेच ओळखू येईल. कोल्हापूरपासून सुमारे २० किलोमीटरवरच्या या गडावर तीन दरवाजाजवळ ती तीन मजली, झाकलेली विहीर आहे. वेढा पडला तरी पाणी सुरक्षित राहावे, ही तिच्यामागची गरज. सिद्दी जौहरने १६६० साली याच गडाला कित्येक महिने वेढा घातला होता. आत अडकलेल्यांचा काळ आणि बाहेर वाट पाहणाऱ्यांचा काळ वेगळा चालतो, हे त्या दगडी अंधारात उभे राहिल्यावर सांगावे लागत नाही. दिवसाला चार बोटांचे माप मात्र रंकाळ्याकडून आलेले दिसते. तिथला नंदी रोज गव्हाएवढा पुढे आणि तांदळाएवढा मागे सरकतो, तो तळ्याला पोचेल त्या दिवशी जगबुडी होईल, अशी आख्यायिका कोल्हापुरात घरोघरी सांगतात. रात्रभर एकाच शिवारात फिरवणारा चकवाही या बावीचा जवळचा नातेवाईक.

पुराणात राजा ककुद्मी मुलगी रेवतीला घेऊन तिच्यासाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथे चाललेले गाणे संपेपर्यंत थांबतो, तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगे होऊन जातात. तिथे काळ वर, देवांपाशी मंदावतो. बावीत तो खाली मंदावतो, आणि गंमत अशी की भौतिकशास्त्र बावीच्या बाजूने आहे. गुरुत्वाकर्षणामुळे खालचे घड्याळ वरच्यापेक्षा मागे पडते. खऱ्याखुऱ्या विहिरीच्या तळाशीही हे घडते, फक्त तो फरक जाणवण्यापलीकडचा सूक्ष्म असतो. जीपीएसच्या उपग्रहांवरील घड्याळे दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि तो हिशेब सांभाळावाच लागतो.

आडमाळातही आपल्यासारखेच घरातून निघणारा माणूस ‘येतो’ म्हणतो, ‘जातो’ म्हणणे अशुभ मानतात. बावीच्या पहिल्या पायरीवर मात्र ‘जातो’च म्हणावे लागते. ते ऐकले की राखणदारीण त्याच्या घरी निरोप धाडते, म्हणजे त्या रात्री त्याचे ताट कोणी झाकून ठेवत नाही. ती स्वतः मात्र त्याला ‘जा’ म्हणत नाही. ‘ये’ म्हणते, आणि वाटी पाण्यावर सोडते.