श्रमसेवा-प्रचारपट, नाझी जर्मनीतील

नाझी राजवटीत (१९३३–४५) तरुणांच्या श्रमसेवेचा (शिबिरात राहून करायच्या सामूहिक श्रमकामाचा) गौरव करण्यासाठी निर्माण झालेले अनुबोधपट, वृत्तपट व कथापट. श्रमसेवेचे मूळ बल्गेरियाच्या १९२० च्या सक्तीच्या कायद्यात शोधण्याचा प्रघात आहे. तथापि जर्मन युवक चळवळीची श्रमशिबिरे आणि बेकारीवर उपाय म्हणून चॅन्सेलर ब्र्यूनिंगच्या सरकारने १९३१ मध्ये सुरू केलेली ऐच्छिक श्रमसेवा यांच्याशी तिचा दुवा अधिक थेट दिसतो. २६ जून १९३५ च्या कायद्याने ती सक्तीची झाली. १८ ते २५ वर्षांच्या तरुणांना सहा महिने शिबिरात काढावे लागत. कॉन्स्टंटिन हिअर्ल हा तिचा प्रमुख होता.

दिग्दर्शिका लेनी रीफेनश्टालच्या ‘ट्रायम्फ देस विलेन्स’ (‘इच्छाशक्तीचा विजय’) या प्रचारपटातील श्रमसेवेचे दृश्य सर्वांत परिचित आहे, मात्र ते सक्तीच्या कायद्याआधीचे आहे, हे अनेकदा नजरेआड होते. चित्रण सप्टेंबर १९३४ मधील नाझी पक्षाच्या न्यूरेंबर्ग मेळाव्यातले, तर पहिला खेळ २८ मार्च १९३५ चा. त्यात ५२,००० श्रमसैनिक हजर असल्याची वर्दी हिअर्ल हिटलरला देतो. फावडी बंदुकांसारखी पेलली जातात. ‘मित्रा, तू कुठला?’ या प्रश्नाला एकेक तरुण आपल्या प्रदेशाचे नाव सांगतो. त्यांत फ्रान्सच्या सीमेवरील ‘सार’ हा प्रदेशही येतो. चित्रणाच्या वेळी सार प्रदेश राष्ट्रसंघाच्या प्रशासनाखाली होता. जानेवारी १९३५ च्या सार्वमतानंतर, १ मार्चला तो जर्मनीत आला. पडद्यावरची एकता अशी प्रत्यक्षाच्या पुढे धावलेली होती. खणणे, चर काढणे, चिखल उपसणे हे मुख्य काम प्रत्यक्ष होताना मात्र या दृश्यात कुठेच दिसत नाही.

हे केवळ घडलेल्या प्रसंगाचे चित्रण होते, असे रीफेनश्टाल पुढे सांगत राहिली. अमेरिकन लेखिका-समीक्षक सूझन सोंटॅगने १९७५ मध्ये ते खोडून काढले: मेळाव्याची आखणीच चित्रपट डोळ्यांसमोर ठेवून झाली होती. दृश्याची कवायती रचना पाहता सोंटॅगचे मत अधिक ग्राह्य वाटते.

स्त्रियांच्या श्रमशिबिरावर कार्ल फ्रोलिशचा ‘इश फ्युअर दिश, डू फ्युअर मिश’ (‘मी तुझ्यासाठी, तू माझ्यासाठी’, १९३४) हा कथापट आहे. स्त्रियांना ही सेवा सप्टेंबर १९३९ पासून सक्तीची झाली.

वायव्य जर्मनीतील एम्सलँडच्या दलदलीत श्रमसेवेच्या तुकड्यांप्रमाणेच छळछावण्यांतील कैदीही राबत होते. तेथील ब्योर्गरमोअर छावणीतील राजकीय कैद्यांनी ऑगस्ट १९३३ मध्ये ‘दलदलीचे सैनिक’ हे गीत रचून सादर केले. त्यातही फावडे घेतलेले सैनिक आहेत. श्रमसेवेचा अभ्यास करताना हे गीत प्रचारपटांइतकेच महत्त्वाचे साधन मानले पाहिजे.