घंटाघराच्या खिडकीला तिरप्या फळ्याच का? (वसईतल्या आमच्या ग्राहकांसाठी माहिती)

मनोऱ्याची खिडकी बंद करायची आहे, पत्रा मारू की काच बसवू, असं चर्चच्या पॅरिश कमिटीकडून नेहमी विचारलं जातं. आमची कळकळीची विनंती आहे, दोन्ही नको. तिथे तिरप्या फळ्याच हव्यात.

फ्रेंच लोक या फळ्यांना ‘आबा-सों’ म्हणतात, म्हणजे आवाजाला खाली पाडणारं. पॅरिसच्या नोत्र-दाम चर्चचे मनोरे ६९ मीटर उंच आहेत आणि दक्षिणेकडच्या मनोऱ्यात सुमारे १३ टनांची घंटा आहे. तिथल्या उंच खिडक्यांतही अशाच एकीखाली एक फळ्या दिसतात. एवढ्या उंचीवरून सरळ सुटलेला आवाज छपरांवरूनच निघून जातो. फळी बाहेरच्या अंगाला झुकलेली असली, की आवाज तिच्या पोटावर आपटून खाली वळतो आणि अंगणातल्या माणसापर्यंत पोचतो.

एक गोष्ट आधीच स्पष्ट सांगतो. फळ्या घंटेचा सगळाच आवाज वळवत नाहीत. १००० हर्ट्‌झच्या चढ्या स्वराची लहर साधारण ३४ सेंटिमीटरची असते, तो फळीला जुमानतो. १७० हर्ट्‌झच्या खालच्या स्वराची लहर दोन मीटर लांब, ती फळीला वळसा घालून चहूकडे पसरते. म्हणून घंटेचा खर्ज लांबवर जातो आणि टोल्याची खणखण खाली उतरते.

१७३९ साली वसई सर झाल्यावर इथल्या चर्चमधल्या कितीतरी घंटा मराठ्यांनी देवळांना दिल्या. देवळात घंटा हाताला लागेल एवढ्यावरच टांगलेली, त्यामुळे तिथे हा प्रश्नच येत नाही.

आपल्याकडे खरी परीक्षा पावसाची. झड आडवी येते. वरच्या फळीची बाहेरची कड खालच्या फळीच्या आतल्या कडेपेक्षा खाली यायलाच हवी, नाहीतर पाणी थेट घंटेच्या लाकडी चौकटीवर येतं. हे तुम्हीही तपासू शकता. घंटेजवळ उभे राहून समोर बघा: आभाळ दिसलं तर फळ्या विरळ आहेत. नुसत्या फळ्या दिसल्या आणि फटीतून खाली अंगणातली फरशी दिसली, तर काम बरोबर आहे.

एका जुन्या मनोऱ्याला कबुतरांपायी चारही बाजूंनी पत्रा ठोकलेला होता. खाली टोला दबका, डब्यातून आल्यासारखा यायचा. आम्ही पत्रा काढून सागवानी फळ्या लावल्या आणि कबुतरांसाठी आतून जाळी बसवली.

माप घ्यायला मार्चपर्यंत बोलवा. मनोरा कोरडा असतानाच फळ्या चढवता येतात.