‘पॅराडाइज’ आलं कुठून?

जळगाव-भुसावळकडे २०१३च्या सुमारास मोबाईलच्या दुकानातून मेमरी कार्डात गाणी भरून घ्यायची चाल होती. अमेरिकी गायिका लाना डेल रे इकडे पोचली असेल तर तशीच, ‘समरटाइम सॅडनेस’च्या नाचऱ्या रिमिक्समधून. (उन्हाळ्याचं दुःख भुसावळकरांना समजावून सांगायला नको, फक्त तिचं जरा प्रेमातलं आहे.) गंमत अशी की डीजे सेड्रिक जर्व्हेचं हे रिमिक्स तिच्या मूळ ‘बॉर्न टू डाय’ अल्बममध्ये नाही आणि त्याच्या ‘पॅराडाइज’ या वाढीव आवृत्तीतही नाही. ते नंतर आलं आणि अमेरिकेतल्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत सहाव्या क्रमांकापर्यंत चढलं.

तिचं खरं नाव एलिझाबेथ ग्रँट. लिझी ग्रँट या नावाने २००८मध्ये तिची काही गाणी आली. २०१०चा पहिला अल्बम थोड्याच दिवसांत विक्रीतून काढून घेतला गेला. २०११मध्ये ‘व्हिडिओ गेम्स’ गाजलं. त्याचा व्हिडिओ तिने घरीच जुळवला होता, वेबकॅमवरचा स्वतःचा चेहरा आणि जुन्या फिल्मचे तुकडे. मग जानेवारी २०१२मध्ये ‘सॅटरडे नाइट लाइव्ह’ या अमेरिकी टीव्ही कार्यक्रमात ती अवघडून गायली आणि लोक तुटून पडले. नाव बनावट, रूप बनावट, उदासीसुद्धा बनावट! त्याच महिन्याअखेर ‘बॉर्न टू डाय’ आला आणि अमेरिकेत थेट दुसऱ्या क्रमांकावर गेला. समीक्षकांचं मात्र एकमत झालं नाही.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये ‘पॅराडाइज एडिशन’ निघाली. सणासुदीच्या तोंडावर जुना माल नव्या खोक्यात घालून विकायचा, हा कंपन्यांचा जुना धंदा. पण इथे उरलीसुरली गाणी मागे चिकटवलेली नव्हती. आठ गाण्यांचा स्वतंत्र संच होता, तो वेगळाही मिळत होता. म्हणजे आधी अल्बम घेतलेल्यांना भुर्दंड नाही. त्यातलं ‘यायो’ थेट लिझी ग्रँटच्या काळातलं. ज्या जुन्या नावावरून तिला खोटी ठरवलं, त्याच नावाने आलेलं गाणं तिने पुन्हा गाऊन पुढे ठेवलं. माझ्या मते टीकाकारांना याहून नेमकं उत्तर दुसरं नव्हतं. ‘राइड’चा व्हिडिओ तर दहा मिनिटांचा, मागेपुढे तिचंच स्वगत. ते लांबलंय, पण संकोच कुठे दिसत नाही.

‘पॅराडाइज’ला ग्रॅमी या संगीत-पुरस्काराचं नामांकन मिळालं. प्रत्यक्ष ग्रॅमी २०१४मध्ये मिळालं ते त्या रिमिक्सला. आपल्याकडे पूर्ण अल्बम सलग ऐकणं सोपं झालं ते २०१६मध्ये जिओ आल्यावर, स्वस्त डेटामुळे.