जाते लग्नाचे, वरवंटा बारशाचा

जुन्या वाड्याच्या पडवीत काळ्या दगडाच्या या वस्तू शेजारीशेजारी ठेवलेल्या असतात, आणि कोणते जाते, कोणता पाटा, हे आता अनेकांना चटकन सांगता येत नाही.

जात्याला दोन गोल तळ्या, म्हणजे दगडी चकत्या. वरची खुंट्याने फिरवायची, तोंडात मूठमूठ धान्य घालायचे, कडेने पीठ पडते. पाटा म्हणजे छिन्नीने टाकी लावून खरबरीत केलेली सपाट शिळा. तिच्यावर वरवंटा पुढेमागे ओढून चटणी, वाटण, पुरण वाटायचे. वयाने पाटाच थोरला: हडप्पा संस्कृतीच्या उत्खननांत याच घडणीचे दगड सापडले आहेत. फिरते जाते पुष्कळ नंतरचे.

दोघांना वेगवेगळा मान मिळाला तो त्यांच्या चालीमुळे, असे मला वाटते. पहाटे दोघी समोरासमोर बसून एकच खुंटा धरत आणि जाते बराच वेळ एका लयीत फिरे. ओवी तिथेच रुजली. सासरचा जाच, माहेरची ओढ, भावाची वाट, विठ्ठलाची आस, सगळे बायकांनी जात्यापाशी मोकळे केले. हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ या अभ्यासकांच्या पुढाकाराने गावोगावच्या अशा लाखभर ओव्या जमा झाल्या. आपल्या भाषेतले एवढे मोठे धन लिहिता न येणाऱ्या बायकांनी घडवले आहे. जनाबाईला विठ्ठल दळू लागला, ही श्रद्धाही जात्याचीच. पंढरपूरजवळ गोपाळपूरला तिचे जाते दाखवतात. पाट्यावर मात्र एकटीने वाकायचे, दर थोड्या वेळाने थांबून वाटण सारखे करायचे. तिथे गाण्याला लय सापडत नाही.

लग्नात जात्याला हळकुंड-सुपारी बांधतात, सवाष्णी त्यावर हळद दळतात. इथे गोंधळ होतो, कारण विवाहविधीत दुसराही दगड आहे. अश्मारोहणात वधू ज्यावर पाय ठेवते तो जात्याचा नव्हे. आश्वलायन गृह्यसूत्र या घरगुती संस्कारांच्या प्राचीन ग्रंथात त्यासाठी दृषद्, म्हणजे पाट्याचाच दगड सांगितला आहे. ‘अश्मेव त्वं स्थिरा भव’, दगडासारखी स्थिर राहा, असे तिला सांगतात. त्यासाठी न हलणारी शिळाच हवी.

वरवंट्याची जागा बाळंतिणीच्या खोलीत. पाचवीला सटवाईच्या पूजेत पाटा-वरवंटा मांडतात. बारशाला वरवंट्याला कुंची घालून, ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ म्हणत तो पाळण्याखालून या हातातून त्या हातात देतात. बाळाएवढा, कुशीत मावणारा हा दगड. जड तळीला असे कोण उचलणार?